गाण्याचा सातबारा

मालिकेतला प्रसंग अगदी साधा आहे. आजोबा आरामखुर्चीत बसलेत. सून चहाचा कप ठेवून आत जाते. आजोबा रेडिओची खुंटी पिळतात आणि एक जुनं चित्रपटगीत ऐकू येतं. पडद्यावर सगळं मिळून अकरा सेकंद. लेखकानं पटकथेत लिहिलंय ते एवढंच : ‘रेडिओवर जुनं गाणं.’ पण त्या तीन शब्दांपायी निर्मात्याच्या ऑफिसात अख्खी दुपार जाते. गाणं कोणाचं, विचारायचं कोणाला, पैसे किती मागतील, आणि एपिसोड तर परवा जायचाय. अशा वेळी खोलीतला कोणीतरी मुरलेला माणूस हमखास म्हणतो, ‘‘अरे, तीस सेकंदांच्या आत असलं की चालतं.’’

चालत नाही. तीस सेकंदांचा, सात सुरांचा किंवा चार ओळींचा असा कुठलाही नियम भारतीय कॉपीराइट कायद्यात नाही. तरी हा समज इतका चिवट आहे की अनुभवी माणसंही तो छातीठोकपणे सांगतात. कायदा घड्याळ लावून बसत नाही. घेतलेला तुकडा मूळ कृतीचा महत्त्वाचा भाग आहे का, तो कशासाठी घेतला, हे तो बघतो. गाण्याचा मुखडा चार सेकंदांतही ओळखू येतो, आणि ओळखू यावा म्हणूनच तर तो वापरलेला असतो.

मग थोडंसं कधीच माफ नाही का? आहे, पण ते आधी गृहीत धरता येत नाही. गायिका वसुंधरा दास एका वृत्तवाहिनीच्या गप्पांच्या कार्यक्रमात आल्या आणि त्यांनी स्वतःच चित्रपटांत गायलेल्या गाण्यांचे काही तुकडे गुणगुणले. चित्रपटसंस्था कोर्टात गेली. गाणं गाजवलेली गायिका समोर बसून आपलंच गाणं गाते आणि वाहिनीवर दावा लागतो, हे ऐकणाऱ्याला विचित्र वाटेल. कायद्याच्या चौकटीत त्यात विचित्र काहीच नव्हतं. २०१२ साली दिल्ली उच्च न्यायालयाच्या खंडपीठानं गुणगुणलेल्या तुकड्यांपुरतं वाहिनीला सोडलं. इतक्या किरकोळ वापरात कायद्यानं पडू नये, असं तत्त्व तिथं लावलं गेलं. पण त्या निकालापर्यंत पोचायला जो वेळ आणि वकिलांवर जो पैसा जातो, तो रोजच्या मालिकेच्या निर्मात्याला परवडणारा नसतो.

चित्रपट आणि दूरचित्रवाणीतल्या संगीताचे हक्क हा माझ्या अभ्यासाचा विषय. हे सांगितलं की लोक आधी विचारतात, ‘‘म्हणजे तुम्ही गाता का?’’ आणि मग, ‘‘पण गाणं असतं तरी कोणाचं?’’ पहिल्याचं उत्तर सोपं आहे : नाही. दुसऱ्याचं द्यायचं तर मला सातबारा काढावा लागतो.

बांधावर उभं राहिलं की वावर एकसलग दिसतं. उतारा हातात आला की कळतं, तीन भावांची नावं आहेत, एकाच्या हिश्श्यावर सोसायटीचा बोजा आहे, आणि आजोबांची वारसनोंद राहूनच गेली आहे. गाणं कानाला एकच ऐकू येतं. उताऱ्यावर मात्र त्याचे निदान तीन गट असतात. पहिला शब्दांचा, तो गीतकाराकडून सुरू होतो. दुसरा चालीचा, तो संगीतकाराकडून. तिसरा ध्वनिमुद्रणाचा, तो ज्यानं पैसे घालून ते मुद्रण करवलं त्याचा, म्हणजे निर्मात्याचा किंवा रेकॉर्ड कंपनीचा. आजोबांच्या रेडिओवर जुनी रेकॉर्ड वाजवायची तर तिन्ही गटांची संमती लागते. शब्द आणि चाल चित्राला जोडण्याच्या परवान्याला धंद्यात ‘सिंक’ म्हणतात, मूळ मुद्रण वापरण्याच्या परवान्याला ‘मास्टर’. गाण्याच्या स्पर्धेत एखादी मुलगी तेच गाणं नव्या वाद्यवृंदाबरोबर गाते, तेव्हा तिसरा गट सुटतो, पहिले दोन सुटत नाहीत. ‘सैराट’मधलं ‘झिंगाट’ २०१८ मध्ये हिंदी ‘धडक’मध्ये गेलं तेव्हा अजय-अतुल यांची चाल तीच राहिली, हिंदी शब्द अमिताभ भट्टाचार्य यांनी लिहिले आणि मुद्रण नवं झालं. एका गटात जुनं पीक, दोन गटांत नवी लागवड.

गंमत अशी की या तीन गटांची मुदत एकाच दिवशी संपत नाही. शब्द आणि चाल यांचा हक्क कर्त्याच्या हयातीत आणि त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षं टिकतो. ध्वनिमुद्रणाचा हक्क मात्र ते प्रसिद्ध झाल्यापासून साठ वर्षं. मोजणी पुढच्या वर्षाच्या पहिल्या तारखेपासून होते. राजा परांजप्यांचा ‘जगाच्या पाठीवर’ १९६० सालचा. गाणी गदिमांची, संगीत सुधीर फडक्यांचं. त्या साली निघालेल्या मूळ ध्वनिमुद्रिकांवरचा हक्क २०२० च्या ३१ डिसेंबरला संपला. गदिमा १४ डिसेंबर १९७७ ला गेले, म्हणजे शब्दांवरचा हक्क २०३७ अखेरपर्यंत. फडके २००२ च्या जुलैत गेले, म्हणून चालीवरचा हक्क २०६२ अखेरपर्यंत. रेकॉर्ड मोकळी झाली म्हणून ती उचलून मालिकेत लावणारा निर्माता त्यातले शब्द आणि सूर बाजूला काढू शकत नाही. ‘साठ वर्षं झाली, आता ते सगळ्यांचं’ हे वाक्य अर्धंच खरं असतं. कायद्यात अर्धं खरं महागात पडतं.

ही साठ वर्षंसुद्धा मुळात पन्नास होती. रवींद्रनाथ टागोर १९४१ साली गेले. त्यांच्या साहित्यावरचा विश्वभारतीचा हक्क १९९१ संपताच सुटणार होता. मुदत भरायला तीन-चार दिवस उरले असताना सरकारनं अध्यादेश काढून आणखी दहा वर्षं दिली. एका कवीसाठी दिलेली सवलत देशातल्या प्रत्येक गीतकाराला आणि संगीतकाराला मिळाली. अर्थात, तो हक्क त्यांच्याकडे उरला असेल तर. आणि खरी अडचण तिथंच होती.

१९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं सतरावं कलम पहिला मालक कोण ते ठरवतं. नियम म्हणून कर्ता हाच पहिला मालक. पण पुढं अपवाद आहेत. कुणाच्या सांगण्यावरून, मोबदला घेऊन चित्रपट तयार केला गेला, तर सांगणारा पहिला मालक. नोकरीत असताना काम केलं, तर मालक तो मालक. दोन्हींत वेगळा करार नसेल तर. कलम वाचताना डोळ्यांपुढं लग्नाची फोटोग्राफी येते : पैसे दिले, फोटो आपले. चित्रपटाचं गाणंही तसंच का? निर्मात्यानं संगीतकाराला दहा गाण्यांचे पैसे दिले, तर त्या चाली त्याच्या कायमच्या झाल्या का?

हा प्रश्न कोर्टात आणला तो इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीनं, म्हणजे आयपीआरएसनं. गीतकार-संगीतकारांची ही संस्था १९६९ साली मुंबईत स्थापन झाली. हॉटेल, सभागृह, थिएटर, जिथं जिथं गाणं वाजेल तिथून थोडे पैसे गोळा करायचे आणि सभासदांत वाटायचे, अशी पद्धत इंग्लंडात १९१४ पासून रुळलेली होती. आयपीआरएसनं आपले दर जाहीर केले आणि त्यात सिनेमागृहंही धरली. सिनेमागृहांच्या आणि निर्मात्यांच्या संघटना उठल्या. त्यांचं म्हणणं, आम्ही चित्रपट विकत घेतला, त्यात गाणं आलंच; आता पुन्हा गाण्याचे पैसे कसले? कॉपीराइट मंडळानं सोसायटीच्या बाजूनं कौल दिला, १९७४ मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयानं तो उलटवला, आणि १४ मार्च १९७७ ला सर्वोच्च न्यायालयानं कलकत्त्यावर शिक्कामोर्तब केलं. संगीतकारानं मोबदला घेऊन निर्मात्यासाठी चाल बांधली आणि करारात उलट काही लिहिलेलं नाही, तर पहिला मालक निर्माता. त्याच वर्षाच्या डिसेंबरात गदिमा गेले.

‘करारात उलट काही नसेल तर’ हे शब्द कागदावर लहान दिसतात. पण करार लिहायचा कोणी? त्या काळी बऱ्याच गाण्यांचा करार म्हणजे पावतीवरची सही. जिथं करार होते तिथंही ते निर्मात्याच्या वकिलानं टाइप केलेले, आणि त्यात एक वाक्य ठरलेलं : जगभरातले, आज असलेले आणि पुढं शोध लागतील त्या सगळ्या माध्यमांतले सगळे हक्क कायमचे निर्मात्याकडे. त्या एका वाक्यानं कॅसेट, सीडी, मोबाइलची रिंगटोन, रिअॅलिटी शो, ओटीटी, सगळं आधीच विकलं गेलं होतं. विकणाऱ्याला यातल्या एकाही गोष्टीचं नाव ठाऊक नव्हतं.

मुख्य निकालपत्र न्यायमूर्ती जसवंत सिंग यांचं. पण अभ्यासकांच्या तोंडी राहिलं ते त्याला जोडलेलं न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांचं छोटं टिपण. निकालाशी ते सहमत होते, तरी त्यांना एक गोष्ट टोचत होती. त्या वेळच्या कायद्यात संगीत म्हणजे कागदावर उतरवलेली स्वरलिपी. भारतात गाणं कागदावर नसतं, गळ्यात असतं. स्वरलिपी लिहिणाऱ्याला हक्क आणि ज्या आवाजानं ते स्वर जिवंत केले त्या गायकाला काहीच नाही, ही व्यवस्था आपल्या मातीतली नाही, संसदेनं तिचा विचार करावा, असा त्यांचा सूर होता. अय्यरांची इंग्रजी सजवून सजवून लिहायची सवय अनेकांना खटकते. मला या एका टिपणापुरती ती आवडते. कायद्याच्या पुस्तकात नादब्रह्म हा शब्द एरवी कुठं भेटणार?

संसदेनं विचार केला, पण सावकाश. संगीताची व्याख्या बदलून लिखित स्वरलिपीची अट गेली ती १९९४ च्या दुरुस्तीत. कलाकाराचा हक्कही त्याच वेळी पहिल्यांदा कायद्यात आला. तोवर गायकाला जे मिळालं ते भांडूनच. १९४९ च्या ‘महल’मधलं लता मंगेशकरांचं गाणं देशभर गाजलं तेव्हा रेकॉर्डवर गायिकेचं नाव छापलं होतं ‘कामिनी’, म्हणजे चित्रपटातल्या पात्राचं नाव! पुढं लताबाईंनी नावाबरोबर पैशांचाही प्रश्न लावून धरला : रेकॉर्ड जितकी विकली जाईल तितका वाटा गायकालाही हवा. महंमद रफींना हे पटत नव्हतं. गाण्याचे पैसे घेतले, व्यवहार संपला, असं त्यांचं साधं, सरळ मत. त्या वादातून साठच्या दशकात काही वर्षं दोघांनी एकत्र गाणं बंद केलं होतं. रसिक या गोष्टीकडे दोन मोठ्या माणसांचा रुसवा म्हणून बघतात. मला त्यात कायद्यातलं भगदाड दिसतं. कायद्यानं काही ठरवलंच नव्हतं, म्हणून ते दोन गायकांना आपसांत ठरवावं लागलं. रफींचा सरळपणा कितीही लोभस असला, तरी हिशेब लताबाईंचा बरोबर होता.

मोठी दुरुस्ती आली २०१२ साली. जावेद अख्तर २०१० मध्ये राष्ट्रपतिनियुक्त सदस्य म्हणून राज्यसभेत गेले होते आणि गीतकार-संगीतकारांची बाजू त्यांनी तिथं हिरिरीनं मांडली. चित्रपटसृष्टीतली बरीच बडी मंडळी त्यांच्यावर नाराज झाली. विधेयक १७ मे ला राज्यसभेत, २२ मे ला लोकसभेत मंजूर झालं आणि २१ जून २०१२ पासून लागू झालं. सतराव्या कलमाला एक परंतुक जोडलं गेलं : चित्रपटात घेतलेल्या शब्दांच्या आणि चालीच्या कर्त्याच्या हक्काला ते निर्मात्याच्या बाजूचे अपवाद धक्का लावणार नाहीत. १९७७ च्या निकालाचा पायाच निघाला.

पण त्याहून महत्त्वाचं काम अठराव्या आणि एकोणिसाव्या कलमांत झालं. गीतकार किंवा संगीतकार आपला मालकी हक्क निर्मात्याला विकू शकतो. स्वामित्वधनाचा हक्क, म्हणजे पुढं गाणं वाजेल तेव्हा बरोबरीनं वाटा घेण्याचा हक्क, त्याला विकताच येत नाही. सोडून देतो म्हणून सही केली तरी ती सही कायद्यापुढं फुकट. हा हक्क जाऊ शकतो फक्त दोघांकडे : त्याच्या कायदेशीर वारसांकडे किंवा वाटपासाठी कॉपीराइट सोसायटीकडे. आपल्याकडे आदिवासींची जमीन परस्पर विकता येत नाही. विकणारा खुशीनं तयार असला तरी कायदा मध्ये हात घालतो, कारण ती खुशी कशी मिळवली जाते ते त्याला ठाऊक असतं. इथंही तेच. सोसायटीच्या वाटपात चित्रपटगीताच्या रकमेचा चौथा हिस्सा गीतकाराला, चौथा संगीतकाराला आणि उरलेला अर्धा हक्कधारक कंपनीला, असं गणित चालतं. गायकांनाही व्यावसायिक वापरातून स्वामित्वधन मिळायला हवं, असं त्याच दुरुस्तीनं म्हटलं आणि २०१३ मध्ये गायकांची ‘इस्रा’ ही संस्था नोंदली गेली.

एक जागा मात्र संसदेनं वगळली : सिनेमागृह. चित्रपट थिएटरात चालू असताना त्यातल्या गाण्याचं स्वामित्वधन नाही. म्हणजे १९६९ मध्ये जिथून भांडण सुरू झालं, नेमक्या तिथं शेवटी थिएटरवालेच जिंकले. यात आपण एकटे नाही. अमेरिकेतही १९४८ साली न्यूयॉर्कच्या एका फेडरल न्यायालयानं, थिएटर-मालकांच्या दाव्यावर, तिथल्या संगीतकारांच्या सोसायटीची सिनेमागृहांकडून होणारी वसुली मक्तेदारीविरोधी कायद्याखाली अडवली. हॉलिवूडच्या पार्श्वसंगीतकाराला पॅरिसच्या थिएटरातून पैसे मिळतात, लॉस एंजलिसच्या थिएटरातून आजही मिळत नाहीत. टीव्हीवर तोच चित्रपट लागला की मात्र दोन्हीकडून मिळतात.

म्हणूनच गीतकार-संगीतकाराचं खरं शेत आता टीव्ही, रेडिओ आणि इंटरनेट हे आहे. आणि तिथंही बांधावरची भांडणं संपलेली नाहीत. रेडिओ केंद्रांचं म्हणणं होतं, आम्ही वाजवतो ती रेकॉर्ड. तिच्या मालकाला पैसे दिले की शब्द आणि चालीला वेगळे कशाला? २०११ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं हे म्हणणं मान्य केलं होतं आणि २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयातही तोच कल राहिला. ते वाद जुन्या कायद्याखालचे होते. एप्रिल २०२३ मध्ये मुंबईच्याच न्यायमूर्ती मनीष पितळे यांनी सांगितलं की २०१२ नंतर चित्र बदललंय. रेकॉर्ड वाजवली तरी शब्दांचं आणि चालीचं स्वामित्वधन द्यावं लागेल. एकाच इमारतीतून बारा वर्षांत दोन उलट उत्तरं. मध्ये बदलला होता तो कायदा.

दुरुस्तीनं प्रसारकांनाही एक सवलत दिली होती. रेडिओ-टीव्हीला आगाऊ नोटीस देऊन आणि ठरलेल्या दरानं पैसे भरून, मालकाच्या होकारावाचून गाणी प्रसारित करता येतात. एका म्युझिक अॅपनं म्हटलं, आम्हीसुद्धा प्रसारकच. टिप्स या संगीत कंपनीनं मुंबई उच्च न्यायालयात धाव घेतली. २०१९ मध्ये एका न्यायमूर्तींनी आणि पुन्हा २०२२ मध्ये खंडपीठानं सांगितलं की ही सवलत रेडिओ आणि टीव्हीपुरती आहे, इंटरनेटवरच्या अॅपला नाही. मालिका टीव्हीवर दाखवणारी वाहिनी तीच मालिका रात्री स्वतःच्या अॅपवर टाकते, तेव्हा तिच्या पायाखालचा कायदा बदललेला असतो. प्रेक्षकाला जाणवतही नाही.

मालिका आणि माहितीपट करणाऱ्या तरुणांना मी हेच सांगत असतो : परवाना घेताना गाण्याआधी मुदत, प्रदेश आणि माध्यम ही तीन कलमं वाचा. महोत्सवापुरता स्वस्तात घेतलेला परवाना ओटीटीवर चालत नाही, आणि तेव्हा मागितलेली किंमत तुमच्या माहितीपटाच्या खर्चाहून मोठी असू शकते. अमेरिकेत ‘डब्ल्यूकेआरपी इन सिनसिनाटी’ ही रेडिओ केंद्रावरची विनोदी मालिका १९७८ ते १९८२ चालली. गाण्यांचे परवाने तेवढ्यापुरते घेतलेले. पुढच्या पुनःप्रक्षेपणांत मूळ गाणी काढून तिथं भलतंच संगीत भरावं लागलं. ‘द वंडर इयर्स’ ही साठ-सत्तरच्या दशकातल्या बालपणाची मालिका १९९३ मध्ये संपली. तिच्या नसानसांत त्या काळची गाणी होती, आणि त्या गाण्यांच्या परवान्यांपायी ती डीव्हीडीवर पूर्ण यायला २०१४ उजाडलं. डीव्हीडीचा जमाना ओसरत आला होता तेव्हा ती पोचली.

जुन्या करारांचा गुंता तर वेगळाच. २०१२ चं संरक्षण आधीच्या सह्यांना किती लागू होतं यावर वकील अजून कडाकडा भांडतात. संगीतकार इळैयराजा यांचं उदाहरण सगळ्यांच्या डोळ्यांसमोर आहे. २०१७ मध्ये त्यांनी एस. पी. बालसुब्रह्मण्यम आणि चित्रा यांना, आपली गाणी परदेशातल्या कार्यक्रमांत परवानगीशिवाय गाऊ नका, अशी नोटीस धाडली. चाळीस वर्षांच्या मैत्रीत नोटीस! पुष्कळांना ते आवडलं नाही. २०२४ मध्ये ‘मंजुम्मेल बॉइज’ या मल्याळम चित्रपटात त्यांचं १९९१ च्या ‘गुणा’मधलं गाणं आलं, तेव्हाही नोटीस गेली. निर्मात्यांनी उत्तर दिलं, ज्या कंपन्यांकडे हक्क आहेत त्यांची परवानगी आम्ही घेतली आहे. दोन्ही बाजू आपापल्या कागदावर बोट ठेवून उभ्या होत्या. इळैयराजांचा सूर कडक आहे हे खरं, पण आपल्या बांधाची मोजणी मागणाऱ्याला हट्टी म्हणायची आपल्याकडे रीतच आहे.

कायदा झाला, निकाल झाले, तरी पैसा शेवटी एका रटाळ तक्त्यातून वाहतो. त्याचं नाव क्यू शीट. मालिकेच्या प्रत्येक भागात कुठल्या मिनिटाला कुठलं संगीत वाजलं, किती सेकंद, शीर्षकगीत की पार्श्वसंगीत, पडद्यावर कोणी गाताना दिसतंय की नुसतं मागं ऐकू येतंय, गीतकार कोण, संगीतकार कोण, हक्कधारक कोण, हे सगळं त्यात भरायचं. वाहिनीकडून ते सोसायटीकडे जातं आणि त्यावरून वाटप होतं. शीटमध्ये नाव नसेल तर गाणं लाख वेळा वाजो, त्या माणसापुरतं ते वाजलेलंच नसतं. हे काम आपल्याकडे बहुधा ऑफिसातल्या सर्वांत नव्या मुलाच्या गळ्यात पडतं, शुक्रवारी संध्याकाळी, आणि तो ‘पारंपरिक’ किंवा ‘जुनं गाणं’ असं लिहून मोकळा होतो. एका मराठी मालिकेच्या शीटवर मी एका सुप्रसिद्ध कवीच्या गाण्यापुढं ‘लोकगीत’ असं लिहिलेलं पाहिलं आहे. कवीच्या लोकप्रियतेला याहून मोठी दाद कोणती, असं क्षणभर वाटलं. मग त्याच्या घरच्यांचा विचार आला.

कारण हा हक्क वारसांकडे जातो. गीतकार गेला की त्याचे पुढच्या साठ वर्षांचे पैसे त्याच्या घरच्यांचे असतात. पण सोसायटीकडे सभासद म्हणून कर्ताच नोंदलेला नसेल, किंवा त्याच्यामागं वारसांनी नाव लावून घेतलं नसेल, तर रक्कम कुणाच्या खात्यावर जाणार? साठ-सत्तरच्या दशकांत मराठी चित्रपटांना, मेळ्यांना, तमाशापटांना चार-दोन गाणी दिलेले पुष्कळ कवी आणि पेटीवाले संगीतकार महाराष्ट्रात गावोगाव होऊन गेले. त्यांची गाणी आजही वाहिन्यांवर वाजतात. त्यांच्या नातवंडांना आजोबांनी काहीतरी लिहिलं होतं एवढंच माहीत असतं.

तुमच्या घरात असे कोणी होऊन गेले असतील, तर माळ्यावरची ट्रंक काढा. जुन्या पावत्या, निर्मात्यांची पत्रं, रेकॉर्डवरच्या लेबलांची नावं, चित्रपटांच्या पुस्तिका, वहीत लिहिलेली गाणी, यातलं काहीही रद्दीत घालू नका. मृत्यूचा दाखला, वारसाचा पुरावा आणि गाण्यांची यादी घेऊन सोसायटीकडे वारस म्हणून नोंद करून घ्या. घाई एवढ्याचसाठी, की मुदत मागं धरून ठेवता येत नाही. १९७० साली गेलेल्या गीतकाराच्या शब्दांचा हक्क २०३० च्या ३१ डिसेंबरला संपणार आहे.